दोन दिवसांचं कोल्हापूर: आधी जेवणाच्या वेळा ठरवा, मग बाकीचं

कोल्हापूरला जायचं ठरलं की बहुतेक जण बघायच्या ठिकाणांची यादी करतात आणि जेवणाचं 'तिथे गेल्यावर बघू' म्हणून सोडून देतात. या गावात नेमकं उलटं करावं. इथे पदार्थागणिक वेळ ठरलेली आहे. मिसळ सकाळची, मटणाचं ताट दुपारचं, भेळ आणि धारोष्ण दूध संध्याकाळचं. या वेळा आधी पक्क्या केल्या की देऊळ, राजवाडा आणि किल्ला मधल्या जागांत नीट बसतात.

पहिली पायरी: कॅलेंडर उघडा

तिकीट काढण्याआधी घरातल्या मंडळींचे वार विचारा. सोमवार, गुरुवार, शनिवार न खाणारे बरेच असतात, शिवाय एकादशी आणि संकष्टी असतेच. तांबडा-पांढरा, म्हणजे मटणाचे दोन रस्से, खायला निघायचं आणि ताटावर बसल्यावर आज संकष्टी असल्याचं कळायचं, हे टाळता येतं. म्हणूनच शनिवार-रविवारची जोडी मला सगळ्यांत सोयीची वाटते: शनिवारी देवदर्शन, मिसळ आणि पन्हाळा, रविवारी मटण. श्रावणात अर्धी मजा जाते. नवरात्रात अंबाबाईच्या दर्शनाच्या रांगेतच दिवस संपतो, तेव्हा फिरायला म्हणून जाणाऱ्याने ते दिवस सोडावेत.

जुलैअखेर आणि ऑगस्टमध्ये जाणार असाल तर पंचगंगेच्या पाण्याच्या बातम्या बघूनच निघा. 2019 आणि 2021च्या पुरात पुण्याकडचा महामार्ग शिरोलीजवळ बंद पडला होता. नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम. हवा छान असते आणि ऊसपट्ट्यात गुऱ्हाळं सुरू असतात.

दुसरी पायरी: पोचायची वेळ आणि मुक्काम

मुंबईकरांनी महालक्ष्मी एक्स्प्रेस धरावी. रात्री बसायचं, सकाळी कोल्हापुरात उतरायचं, म्हणजे पहिली मिसळ चुकत नाही. पुण्याहून रस्ता साधारण 230 किलोमीटरचा. पहाटे लवकर निघालात तरच नाश्त्याच्या वेळेला पोचाल. मुक्काम देवळाच्या आसपास चालत जाण्याच्या अंतरावर घ्या. भवानी मंडप, महाद्वार रोड, खासबाग हे सगळं पायी होतं आणि त्या गल्ल्यांत गाडी लावायला जागा शोधण्याचा वैताग वाचतो.

तिसरी पायरी: शनिवार

सामान टाकून आधी अंबाबाईचं दर्शन घ्या. सकाळी रांग त्यातल्या त्यात छोटी असते. बाहेर आल्यावर घाई करू नका, काळ्या दगडातल्या भिंतींवरचं कोरीव काम बघत देवळाला एक सावकाश फेरी मारा. नोव्हेंबरमध्ये आणि जानेवारीअखेरीस किरणोत्सव असतो. मावळतीची किरणं महाद्वारातून थेट गाभाऱ्यात येतात. तेव्हा जाणार असाल तर दर्शन संध्याकाळी ठेवा आणि गर्दीची तयारी ठेवा.

मग मिसळ. फडतरे, बावडा, चोरगे ही नावं तुम्ही ऐकलेली असतील. कुठली भारी यावर कोल्हापूरकर तासभर वाद घालतील. तुम्ही मुक्कामाजवळची गाठा. इथे मिसळीबरोबर बहुधा स्लाइस ब्रेड येतो. कट, म्हणजे मिसळीवरचा तिखट रस्सा, पहिल्यांदा थोडाच घ्या, मागाहून वाढतात. तिखटाची सवय नसलेल्यांनी आणि मुलांनी दही मागून घ्यावं, त्यात कमीपणा काही नाही.

मिसळ जड असते, त्यामुळे दुपारी पन्हाळा बरोबर बसतो. शहरापासून जेमतेम 20 किलोमीटर. तीन दरवाजा, अंधारबाव, अंबारखाना आणि सज्जा कोठी एवढं तरी बघाच. अंबारखान्याची धान्याची कोठारं आत शिरून बघा, म्हणजे 1660मध्ये सिद्दी जौहरचा वेढा पडला तेव्हा गड महिनोन्‌महिने कसा तगला असेल याचा अंदाज येतो. महाराज इथूनच पावसाळी रात्री विशाळगडाकडे निघाले. 2025मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशात आलेल्या मराठ्यांच्या 12 किल्ल्यांत पन्हाळा आहे. भूक लागली तर गडावर पिठलं-भाकरी, खर्डा मिळतो. जोतिबा याच बाजूला आहे, पण एका दुपारीत दोन्ही करू नका. पन्हाळा घाईत उरकण्यासारखा नाही.

परतताना शिवाजी पूल ओलांडून गावात शिरलात की गंगावेस जवळच. संध्याकाळी तिथल्या दूध कट्ट्यावर थांबा. समोर म्हैस पिळतात आणि फेसाळ दुधाचा ग्लास तसाच हातात देतात. तालमीतल्या पैलवानांचं हे गाव, त्याचा खुराक असा रस्त्यावर भेटतो. कच्चं दूध सोसत नसेल त्यांनी मात्र फक्त बघावं.

चौथी पायरी: रविवार

सकाळी रंकाळ्याला एक चक्कर मारा. पाणी उतरलेलं असेल तर तळ्यातला संध्यामठ वर आलेला दिसतो. नाश्ता हलका ठेवा, पोहे आणि चहा पुरे. मग नवा राजवाडा. मेजर मँटच्या आराखड्यावरून 1877 ते 1884 या काळात तो उभा राहिला. आतलं संग्रहालय आणि दरबार हॉल बघायला दीड-दोन तास काढून ठेवा.

साडेबाराच्या आत ताटावर बसा. रविवारी अख्खं कोल्हापूर मटण खातं, एकनंतर बाहेर नंबर लावावा लागतो. ताटात सुकं मटण, तांबडा, पांढरा, भाकरी आणि दही-कांदा येतो. सुरुवात पांढऱ्यापासून करा. मटणाच्या अळणी पाण्यात नारळाचं दूध, खसखस, काजू असं घालून तो केलेला असतो, त्यात लाल तिखट नसतं. तांबड्यानंतर जीभ भाजल्यावर त्याची नाजूक चव कळणारच नाही. वाटीला तोंड लावून प्यायला लाजू नका, सगळे तसेच पितात. रस्से बहुतेक ठिकाणी पुन्हा वाढतात. शाकाहारी मंडळी बरोबर असतील तर अख्खा मसूर मिळणारी जागा आधीच हेरून ठेवा.

दुपारी पडी टाका. ऊन उतरल्यावर खासबाग मैदान बघा. रोमचं आखाड्यासारखं प्रेक्षागृह पाहून आल्यावर शाहू महाराजांनी 1912मध्ये पूर्ण करवून घेतलेलं हे कुस्तीचं मैदान, कुठूनही बसलं तरी हौदा, म्हणजे कुस्तीची मधली जागा, स्पष्ट दिसेल असं बांधलेलं. तिथेच शेजारी राजाभाऊंची भेळ आणि खाऊगल्ली.

पाचवी पायरी: खरेदी आणि परतीची वाट

चप्पल लाईनला रविवारी संध्याकाळपर्यंत थांबू नका, तेव्हा गर्दी फार असते. दुपारच्या जेवणाआधी वेळ मिळाला तर तेव्हाच उरका. कोल्हापुरी चपलेला 2019मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं आहे, पण बाजारात रेक्झिनचा माल भरपूर, म्हणून चामड्याचीच आहे ना हे उलटून बघा आणि विचारा. कापशी, पायटान, बक्कलनाळी असे प्रकार मागून बघा. चप्पल पायाला किंचित घट्टच घ्या, चामडं वापरून सैल होतं. पहिले काही दिवस घरातच घाला आणि पावसात घालू नका.

गूळ, काकवी आणि कांदा-लसूण मसाला शेवटी घ्या. मसाला दुहेरी पिशवीत बांधून मागा, नाहीतर कपड्यांना वास लागतो. खिद्रापूरचं कोपेश्वर बघायची इच्छा होईल, 48 खांबांचा तो स्वर्गमंडप आहेच तसा. पण ते अंतर दोन दिवसांत बसत नाही, त्यासाठी सोमवारची रजा काढा.