समुद्र, कासवं आणि गणित: या वाटेला येणाऱ्यांसाठी

गणितात एमएस्सी करून सागरविज्ञानाकडे वळणारी मुलं हमखास विचारतात, "सर, आधी पायथन शिकू की मॅटलॅब?" मी म्हणतो, आधी कागद घ्या आणि प्लवकांचं, म्हणजे पाण्यासोबत वाहत जाणाऱ्या बारीक जीवांचं, गणित हातानं सोडवा.

पाण्याच्या एका पट्ट्यातच प्लवक वाढतात, बाहेर पडले की मरतात असं धरा. विसरणांकाला (पाण्यात गोष्टी किती झपाट्यानं पसरतात, त्याचा आकडा) प्लवकांच्या वाढीच्या दरानं भागा, वर्गमूळ काढा, पायनं गुणा. पट्टा याहून अरुंद असेल तर प्लवक वाढतात त्याहून जास्त बाहेर निसटतात आणि संपतात. स्केलम यांनी १९५१ मध्ये आणि किअरस्टेड-स्लोबोडकिन यांनी १९५३ मध्ये हे मांडलं. विसरणांक सेकंदाला १ चौरस मीटर आणि वाढीचा दर दिवसाला १ घेतला, तर उत्तर येतं साधारण ९२० मीटर. विसरणांक दहापट करा, २.९ किलोमीटर.

पण विसरणांक घ्यायचा कुठला? खरी मेख इथे आहे. सागरशास्त्रज्ञ अकिरा ओकुबो यांनी १९७१ मध्ये समुद्रात रंग सोडून केलेल्या प्रयोगांचे आकडे एकत्र मांडले. रंगाचा डाग जितका मोठा, तितका विसरणांकही मोठा. जवळपास आकाराच्या १.१५ घाताच्या प्रमाणात. डाग पसरला की त्याहून मोठे भोवरेही त्याला ताणायला लागतात. त्यामुळे कुठल्याशा पेपरातून आकडा उचलताना तो किती मोठ्या डागाचा आहे, हे आधी बघा. पट्टा किलोमीटरचा आणि विसरणांक शंभर किलोमीटरच्या डागाचा, अशी चूक सर्रास होते.

प्राण्यांचं प्रकरण वेगळं, कारण ते नुसते वाहत नाहीत, पोहतातही. जानेवारी २०२२ मध्ये कोकणातल्या वेळासला 'प्रथमा' या ऑलिव्ह रिडले कासवाला सॅटेलाइट टॅग लावला. नकाशावर अशी रेघ सुबक दिसते, पण मुळातले ठिपके ओबडधोबड असतात: कासव पृष्ठभागावर आलं तरच सिग्नल, मधली अंतरं असमान, जागेतही चूक. आधी ती चूक मॉडेलमध्ये धरायची, मग प्रवाहाचा वेग वजा करायचा. उरतं ते कासवाचं पोहणं. इथे विकलन समीकरणांपेक्षा संख्याशास्त्र जास्त कामी येतं. एमएस्सीला तो पेपर ऑप्शनला टाकला असेल, तर आता भरून काढा.

प्रवाहांचा डेटा कोपर्निकस मरीन या युरोपीय सागरी डेटा सेवेवर नोंदणी केली की फुकट मिळतो. मात्र त्यांच्या जागतिक मॉडेलचा एकेक चौकोन सुमारे ९ किलोमीटरचा. खुल्या अरबी समुद्रात चालून जातं, दाभोळच्या खाडीच्या तोंडाशी नाही.