ट्यूनर अ‍ॅपवर गिटार लावण्याची तयारी: आधी ४४० पाहा

गिटार मांडीवर घेण्यापूर्वी फोन उघडा, ट्यूनर अ‍ॅपच्या सेटिंग्जमध्ये जा आणि ए४ या स्वरासमोर (बाकी सारे स्वर याच्यावरून मोजले जातात) ४४० हर्ट्झ हाच आकडा आहे ना, हे स्वतःच्या डोळ्यांनी पाहा. बाकी सर्व गोष्टी त्यानंतर. गेल्या वेळी मी नेमके हेच पाहिले नव्हते. सहाही तारांना अ‍ॅपने हिरवा दिवा दिला, तारा एकमेकींशी उत्तम जुळल्या होत्या आणि एकट्याने वाजवताना शंका यावी असे काहीच नव्हते. परंतु कीबोर्डबरोबर पहिला कॉर्ड वाजला आणि माझी सबंध गिटार उतरलेली निघाली. काही आठवड्यांपूर्वी ४३२ कसे ऐकू येते या कुतूहलापोटी मीच तो आकडा बदलला होता आणि पूर्ववत करायला विसरलो होतो. एका सेमीटोनचे, म्हणजे लगतच्या दोन स्वरांमधल्या अंतराचे, १०० सेंट धरले, तर ४४० आणि ४३२ यांच्यात सुमारे ३२ सेंटचे अंतर पडते, आणि एवढे अंतर न शिकलेल्या कानालाही खुपते. हिरवा दिवा फक्त इतकेच सांगतो की सेटिंग्जमधल्या आकड्याच्या हिशेबाने तार बरोबर आहे. तो आकडा बरोबर आहे की नाही, हे सांगणे त्याचे काम नाही.

४४० हा आयएसओ १६ या आंतरराष्ट्रीय मानकातला आकडा आहे, पण काही वाद्यवृंद ४४२ वर, म्हणजे जवळजवळ ८ सेंट वर, लावतात. त्यामुळे सोबत कोण वाजवणार आहे ते आधी विचारावे. पियानो किंवा हार्मोनियम ऐन वेळी नव्याने लावता येत नाही. त्याचा ए वाजवून अ‍ॅपमध्ये तो किती वर-खाली दिसतो ते पाहावे आणि आकडा त्याच्याशी जुळवून घ्यावा. आणि घरी परतल्यावर तो पुन्हा ४४० करावा. हे वाक्य कृपया दोनदा वाचावे.

कॅपो, म्हणजे मानेवर तारा दाबून धरणारा चिमटा, लावलेला असेल तर काढावा. पंखा बंद करावा. ब्लूटूथ इअरफोन जोडलेले असतील तर त्यांची जोडणी तोडावी, कारण काही वेळा अ‍ॅप फोनच्या माइकऐवजी त्यांच्या माइकने ऐकत राहते.

अ‍ॅप क्रोमॅटिक (बाराही स्वर ओळखणाऱ्या) पद्धतीवर असेल तर काटा जवळच्या कोणत्याही स्वराला चिकटतो आणि डी शार्पलाही खुशाल हिरवा होतो, म्हणून रंगाआधी अक्षर वाचावे आणि अक्षराशेजारचा सप्तकाचा अंकही वाचावा: जाड तारेपासून ई२, ए२, डी३, जी३, बी३, ई४. अंक न पाहता खुंटी पिळत राहणाऱ्याची तार तुटते, आणि तुटताना ती हाताला लागू शकते.

तार नेहमीच्या जोराने, एकदाच छेडावी. छेडल्याबरोबर काटा वर उसळतो आणि मग खाली येऊन स्थिरावतो. तो स्थिरावल्यानंतरचे माप खरे. जाड ईची कंपनसंख्या ८२.४१ हर्ट्झ असते आणि फोनचा लहानसा माइक ती नीट पकडत नाही. अशा वेळी बाराव्या फ्रेटच्या (मानेवरच्या आडव्या पट्टीच्या) बरोबर वर बोट अलगद टेकवून हार्मोनिक, म्हणजे तार न दाबता निघणारा घंटेसारखा स्वर, वाजवावा, काटा लगेच शांत होतो. तार चढलेली असेल तर ती मुद्दाम सुराच्या खाली उतरवावी आणि पुन्हा वर आणावी, कारण वरून खाली आणून सोडलेल्या तारेत खुंटीच्या दात्यांमधली ढिलाई राहते आणि दोन-चार कॉर्डमध्ये ती आणखी उतरते. खुंटी फिरवताना नटपाशी (मानेच्या टोकाला तारांच्या खाचा असलेल्या पट्टीपाशी) ‘टिक्’ असा आवाज येऊन काटा उडी मारत असेल, तर तार खाचेत अडकते आहे. खाचेत पेन्सिलीचे शिसे घासावे.

मध्येच अ‍ॅप बंद होऊन पुन्हा उघडले असेल, तर आकडा पुन्हा पाहावा. होय, पुन्हा.

सहा तारा झाल्या की पहिलीपासून आणखी एक फेरी करावी, कारण ताण वाढला की मान किंचित वाकते. नव्या तारा हाताने ओढून सैलावू द्याव्यात. नायलॉनच्या असतील तर काही दिवस जातील. बाराव्या फ्रेटवर दाबलेला स्वर आणि तिथलाच हार्मोनिक जुळत नसतील तर तो बहुधा ब्रिजचा (तारा गिटारच्या पोटावर जिथे टेकतात त्या भागाचा) दोष आहे, खुंट्या पिळून जाणार नाही. ४४० पाहिला ना?