जिवंत चंद्र बनवायचाय? आधी भरतीचं टाइमटेबल बघा

फँटसी दुनिया रचणारा माणूस कधी ना कधी चंद्राला जिवंत करतोच, मीपण केला होता. रविवारी दादरला एका मित्राच्या हॉलमध्ये आमचा सहा जणांचा गेम असतो, एक जण दुनिया रचतो आणि बाकीचे त्यातली पात्रं होऊन गोष्ट पुढे नेतात, तिथे मी मोठ्या थाटात सांगितलं की ह्या जगातला चंद्र जिवंत आहे, त्याला डोळे आहेत, तो बोलतो, राजकन्येवर त्याचं प्रेम आहे, वगैरे वगैरे. आमच्यातला एक जण वरळी कोळीवाड्याचा, तो चकली मोडता मोडता म्हणाला, "ते सगळं ठीक रे, पण भरती कधी येते?" मुंबईत राहून माझ्याकडे उत्तर नव्हतं. जुलैमध्ये घराबाहेर पडताना आपण पावसासोबत भरतीची वेळ बघतो आणि मी चंद्र बनवताना समुद्रच विसरलो होतो!

तेव्हापासून मी खालून वर जातो, म्हणजे आधी किनारा, मग चंद्र.

स्टेप १: जिवंत म्हणजे काय, ते एकाच गोष्टीत ठरवा

झोप, भूक, श्वास, म्हातारपण, यातलं एकच काहीतरी उचला. सगळं एकदम दिलंत की चंद्र म्हणजे आकाशात टांगलेला माणूस होतो आणि मग मजा जाते.

समजा तुम्ही ठरवलं की चंद्राला पापणी आहे, कला म्हणजे पापणीची उघडझाप. ऐकायला भारी आहे, पण जरा थांबा. आपल्या चंद्राची उजळ बाजू कायम सूर्याकडे असते, म्हणून पौर्णिमेचा चंद्र सूर्य मावळता मावळता उगवतो आणि अमावास्येनंतरची कोर संध्याकाळी पश्चिमेलाच दिसते. पापणीवाल्या चंद्राला हा नियमच लागू नाही, तो भर दुपारी पूर्ण उघडा असू शकतो, तीन दिवस डोळा मिटून बसू शकतो. आता संकष्टी धरणाऱ्या बाईंचा विचार करा. आपल्याकडे ढग असले तरी कॅलेंडरवर चंद्रोदयाची वेळ छापलेली असते, घड्याळ बघून उपास सुटतो. तिथे काय छापणार? त्या जगात पंचांगवाल्यांचा धंदा तरी बसेल, नाहीतर ते राजाहून मोठे होतील. माझं मत विचाराल तर राजाहून मोठेच होतील.

मी शेवटी भूक घेतली. माझी चंद्र बाई आहे, किनाऱ्यावरचे लोक तिला थोरली म्हणतात, आणि भूक लागली की ती खाली सरकते.

स्टेप २: अंतर ठरवा, आणि इथे कंटाळा करू नका

आपला चंद्र सरासरी ३,८४,४०० किलोमीटरवर आहे. थोरली त्याच्या निम्म्यावर आली तर काय होईल? दिसायला दुप्पट रुंद, म्हणजे चांदणं साधारण चौपट. पण ओढीचं गणित वेगळं आहे, भरती आणणारा जोर अंतराच्या घनाने बदलतो, त्यामुळे अंतर निम्मं झालं की जोर आठपट. वर तिची फेरीही लवकर होणार, पौर्णिमा ते पौर्णिमा साडेएकोणतीस दिवसांऐवजी जेमतेम दहा दिवसांत. म्हणजे महिनाच दहा दिवसांचा, पगार कसा करायचा ते तुम्ही बघा.

आता आठपट म्हणजे काय ते आपल्या शहरावर लावून बघा. मुंबईत मोठ्या उधाणाला पाणी साडेचार-पाच मीटरपर्यंत चढतं, हाजी अलीची वाट पाण्याखाली जाते, आणि त्याच वेळी पाऊस कोसळत असेल तर गटारांचं पाणी समुद्रात जातच नाही, उलटं रस्त्यावर साचतं. हे आपल्या साध्यासुध्या, निर्जीव चंद्राचं काम. थोरली भुकेली असताना त्या जागी वस्ती कुठे असेल, घरं किती उंचावर असतील, श्रीमंत लोक सी-फेसिंग फ्लॅट घेतील की टेकडीवर पळतील? नकाशा इथे आपोआप तयार होतो, मला वेगळा काढावाच लागला नाही.

एक गंमत राहिलीच. चंद्र स्वतःभोवती आणि पृथ्वीभोवती सारख्याच वेळात फिरतो, सुमारे २७.३ दिवसांत, म्हणून आपल्याला कायम एकच बाजू दिसते. मागच्या बाजूचा पहिला फोटो थेट १९५९ मध्ये सोव्हिएत रशियाच्या यानाने काढला. आता विचार करा, हजारो वर्षं एकच तोंड बघितलेल्या लोकांसमोर एका रात्री चंद्राने कूस बदलली तर! हा प्रसंग मी अजून वापरलेला नाही, राखून ठेवलाय.

स्टेप ३: तिला बोलायला लावू नका, निदान तोंडाने नाही

मध्ये हवा नाही, आवाज येणार कुठून? माझी थोरली भरतीने बोलते. दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटं जातात, म्हणजे दिवसाला जेमतेम दोन शब्द, एक वाक्य पूर्ण व्हायला आठवडा. तिचं बोलणं पहिल्यांदा ओळखतो तो कोणी जादूगार नाही, बंदरावर पाण्याची उंची वहीत लिहिणारा कारकून आहे.

त्याला कळतं कसं? आपल्याकडे किनाऱ्यावरच्या जुन्या लोकांचा हिशोब माहीत असेल, तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ मिळते. चतुर्थी असेल तर चार पाऊण तीन, म्हणजे साधारण तीन वाजता पूर्ण भरती. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती, म्हणजे पाणी फार चढत नाही. कारकुनाच्या बापानेही असाच हिशोब केलेला, आजोबानेही. आणि एका अष्टमीला पाणी जेटीच्या चौथ्या पायरीवर थांबायच्या ऐवजी सातव्यापर्यंत येतं, वारा नाही, पाऊस नाही, काही नाही. तो वहीत आधी ४ लिहितो, खोडतो, ७ लिहितो, आणि दिवा घेऊन परत खाली जाऊन पायऱ्या मोजतो. माझ्या गेमची सुरुवात इथूनच झाली आणि राजकन्या अजून आलेलीच नाही.

स्टेप ४: खालच्या लोकांचं तिच्याशी नातं

हे पटकन होतं. नारळी पौर्णिमेला कोळी समुद्राला नारळ देतात तसं तिथे कोण काय देतं, आणि त्याचा खर्च कोणाच्या खिशातून जातो, एवढं ठरवा. कोजागरीला लक्ष्मी विचारत फिरते, कोण जागं आहे, अशी आपली समजूत. तिथे हा प्रश्न खरंच विचारला जात असेल तर रात्री जागायचं की झोपेचं सोंग घ्यायचं? आमच्या सहा जणांत यावरून एक तास भांडण झालं, मसाला दूध गार झालं.

स्टेप ५: टेस्ट

चंद्राचं वर्णन न करता त्या जगातली एक साधी वस्तू लिहा. मी जेटीवरची पाटी लिहिली आणि कोळीवाड्याच्या मित्राला पाठवली. त्याने फक्त अंगठा दाखवला, त्याच्याकडून एवढं म्हणजे खूप झालं. पाटी अशी:

"आज पाऊणपटीचा हिशोब धरू नये. थोरली जेवलेली नाही. होड्या देवळाच्या वर ओढून बांधाव्यात, सातव्या पायरीखाली जाळी ठेवल्यास बंदर जबाबदार नाही."