तबल्याचे बोल येतात? मग स्कॅट गाऊन बघा

नाशकात थोडंफार शास्त्रीय शिकलेल्याला स्कॅट, म्हणजे जॅझमधलं बिनशब्दांचं गाणं, समजायला वेळ लागत नाही. शब्द नाहीत, 'दू-बा, शू-बी' असले बोल आणि त्यांवर जागच्या जागी सुचलेली चाल. 'म्हणजे तराणाच की, मॅडम!' पंचवटीतल्या माझ्या क्लासमध्ये कुणीतरी म्हणतंच. जीभ तयार असते हे खरं, पण तीच तयारी आडवीही येते.

आधी तानपुरा बंद करा. सरावाला ब्लूज घ्या, जॅझवाले ज्यावर नेहमी गातात तो साचा. त्याचं आवर्तन १२ बारचं (बार म्हणजे विभाग), प्रत्येक बारात ४ मात्रा, म्हणजे ४८ मात्रा. त्यात खालचा आधार हलत राहतो: पहिले चार बार सा, मग दोन म, दोन सा, एक प, एक म, शेवटचे दोन पुन्हा सा. पेटीवर नुसते हे आधारस्वर धरा आणि आवर्तन अंगात भिनेपर्यंत गाऊ नका. नवव्या बारला प आला हे न मोजता कळलं पाहिजे. सगळ्यात जास्त दिवस मी इथेच घालवायला लावते, आणि मुलं वैतागतात.

मग लय. आपला हात समेवर पडतो. जॅझची टाळी दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर. सकाळी गोदापार्कवर चालताना डाव्या पायाला एक-तीन, उजव्याला दोन-चार धरा आणि चुटकी फक्त उजव्या पायाला वाजवा. लोक बघतात, बघू देत. एका मात्रेत दोन बोल आले की ते समान नकोत: पहिला लांब, दुसरा आखूड, 'दूऽ-बा, दूऽ-बा', आणि हलकासा जोर 'बा'वर.

बोलांमध्ये 'तिरकिट' नको. स्कॅटवाल्यांच्या कानात तबला नसतो, फुंकून वाजणारी वाद्यं असतात. सूर लांबवायचा तर 'दू' किंवा 'वा', तोडायचा तर 'बॉप', द्रुतात 'दिद्ल-दिद्ल'. जॅझ गायक-वादक लुई आर्मस्ट्राँगचं १९२६ चं 'हीबी जीबीज' ऐका. हातातला गाण्याच्या शब्दांचा कागद पडला म्हणून त्याला स्कॅट सुचलं, ही गोष्ट रंगवून सांगतात. पण १९११ मध्येच जीन ग्रीन या गायकाच्या रेकॉर्डवर असे बोल आहेत. आर्मस्ट्राँगचं मोठेपण वेगळं: तो कॉर्नेट (ट्रम्पेटसारखं फुंकवाद्य) वाजवतो तसाच गातो. त्यानंतर जॅझ गायिका एला फिट्झजेराल्डचं १९४५ चं 'फ्लाइंग होम' ऐका. एका गळ्यात अख्खा बँड.

स्वर मोजकेच: सा, कोमल ग, शुद्ध म, प, कोमल नि; तीव्र म जाता जाता. सुरुवात सा आणि कोमल ग या दोघांवरच करा. दोन बार गा, दोन बार गप्प बसा. गप्प बसणं आपल्याला जड जातं, कारण आपण जागा दिसली की तान भरतो. मींड चालेल, गमक नको. आणि प्रत्येक आवर्तनाच्या शेवटी तिहाई घेऊन समेवर आदळू नका. ते ऐकून मला हसू आवरत नाही.

सरावलात की ओळखीच्या चालीचा तुकडा मध्येच घुसवा. १९६० च्या बर्लिनच्या मैफलीत 'हाउ हाय द मून' गाताना एला एकामागून एक कितीतरी गाण्यांचे तुकडे ओवत जाते. गणपतीतल्या आरतीची ओळही चालेल, फक्त त्या बारच्या आधाराशी जुळली पाहिजे.

आधारस्वरांचा ट्रॅक इअरफोनमध्ये ठेवून नुसता आपला आवाज फोनवर रेकॉर्ड करा. ऐकताना नववा बार कुठे लागला ते कळलं नाही, तर पुन्हा दोन स्वरांवर या.