ग्लोरीहॅमरचा 'स्पेस १९९२' पहिल्यांदा ऐकणार असाल तर असा ऐका

सगळ्यात आधी शफल बंद करा. ग्लोरीहॅमर हा मेटल बँड आणि त्यांचा हा अल्बम म्हणजे सलग गोष्ट आहे, मधलंच एखादं गाणं लावलं तर हा हातोडा कसला, गॉब्लिनचा राजा कुठून आला, काही म्हणजे काही लागत नाही. दहा गाणी, ओळीने, हेडफोन लावून.

मागची गोष्ट थोडी माहीत हवी. २०१३ च्या पहिल्या अल्बममध्ये झारगोथ्रॅक्स नावाचा दुष्ट जादूगार मेलेल्या युनिकॉर्नची फौज घेऊन स्कॉटलंडमधल्या डंडी शहरावर चालून येतो, फाइफचा राजपुत्र अँगस मॅकफाइफ त्याला हरवतो आणि जादूगार बर्फात गोठून पडतो. बास एवढंच. २०१५ चा हा दुसरा अल्बम त्यानंतर हजार वर्षांनी सुरू होतो, दूरच्या भविष्यात, आणि साल कुठलं तर १९९२! इथे थांबून हिशोब करू नका प्लीज, पुढे चला, झारगोथ्रॅक्सला सोडवायला जादूगारांची टोळी आलीय आणि समोर उभाय तेरावा अँगस मॅकफाइफ.

एक काम मात्र नक्की करा, ऐकण्याआधी मॅपवर फाइफ, डंडी आणि इन्व्हरनेस शोधा. ही खरी ठिकाणं आहेत, टे नदीच्या मुखाशी उत्तरेला डंडी आणि पलीकडे दक्षिणेला फाइफ. युनिकॉर्न तर स्कॉटलंडचा राष्ट्रीय प्राणी आहे. आपल्या ओळखीच्या साध्या गावावरून कुणी आकाशगंगेतली लढाई रचावी तसं आहे हे, आणि ते कळलं की 'हीरोज ऑफ डंडी' ऐकताना अंगावर काटा येतो, खरंच.

आता मुख्य गोष्ट. याला जोक म्हणून ऐकू नका. शब्द विनोदी आहेत, कबूल, पण बँडचा तेव्हाचा गायक थॉमस विंकलर ते इतका जीव तोडून गातो की जणू जगाचा निकाल त्याच्या एका सुरावर लागणारे, स्टेजवरसुद्धा हिरवं चिलखत घालून हातात हातोडा घेऊन यायचा आणि चेहरा एकदम गंभीर. मला वाटतं सगळी ताकद तिथेच आहे. बँड सुरू करणारा ख्रिस्तोफर बोव्स आधीपासून एलस्टॉर्म या चाचे-मेटल बँडमध्ये गातो, त्याला हे तंत्र पक्कं ठाऊक आहे. इथे तो कीबोर्ड वाजवतो आणि झारगोथ्रॅक्सही तोच! म्हणून पहिल्यांदा लिरिक्स समोर ठेवून ऐका, दुसऱ्यांदा लिरिक्स बाजूला ठेवून फक्त कोरस, कीबोर्ड आणि डबल बेस ड्रम्सकडे कान द्या, तेव्हा कळेल की गोष्ट काढून टाकली तरी ही पॉवर मेटलची, म्हणजे मेटलच्या वेगवान, वीरश्रीच्या प्रकारातली, सॉलिड गाणी आहेत.

मेटलची अजिबातच सवय नसेल तर आदल्या दिवशी एकटं 'युनिव्हर्स ऑन फायर' ऐकून घ्या, त्याची चाल पॉपच्या जवळची आहे, लगेच तोंडात बसते. ही एवढी एकच सूट.

शेवटचं 'अपोकॅलिप्स १९९२' जवळपास १० मिनिटांचं आहे, त्यात मध्ये निवेदन येतं, तेव्हा फोन लांब ठेवा आणि गोष्टीतला योद्धा हूट्समन काय करतो ते नीट ऐका, मी सांगणार नाही. आणि ते संपल्यावर लगेच २०१९ चा तिसरा अल्बम लावायचा मोह होईल कारण गोष्ट अगदी तिथूनच पुढे जाते, पण एक रात्र जाऊ द्या.