खाकीतून विधानसभेत गेलेल्या आमदाराची कारकीर्द कशी अभ्यासावी

पोलीस अधिकारी राजकारणात आला की लोक त्याला जुन्या दराऱ्यावरून ओळखतात, आणि आमदारकीची पाच वर्षे संपत आली तरी त्याचे मूल्यमापन त्याच दराऱ्यावर होत राहते. ठाणे जिल्ह्यातील १८ विधानसभा मतदारसंघांपैकी, बेलापूर असो वा मुरबाड, कुठल्याही मतदाराला अशा लोकप्रतिनिधीचा नीट अभ्यास करायचा असेल, तर त्याने पोलीस म्हणून गाजलेली कामगिरी बाजूला ठेवून कागदपत्रांपासून सुरुवात करावी.

प्रथम तारखा मांडाव्यात. सेवेत असताना राजकारणात भाग घेण्यास शासकीय कर्मचाऱ्याला मनाई असते. म्हणून शेवटची नेमणूक, राजीनामा किंवा स्वेच्छानिवृत्ती, पक्षप्रवेश आणि उमेदवारी या चार घटना एकापुढे एक लिहाव्यात. उत्तर प्रदेशातील असीम अरुण यांचे उदाहरण पाहावे. कानपूरचे पोलीस आयुक्त असताना त्यांनी जानेवारी २०२२ मध्ये, निवडणुकीच्या तोंडावर, स्वेच्छानिवृत्तीचा मार्ग धरला, भारतीय जनता पक्षात प्रवेश केला आणि मार्चमध्ये कन्नौजमधून निवडून येऊन ते लगेच राज्यमंत्रीही झाले. कायदा अशा प्रवेशाला आडकाठी करत नाही. तरीही नोकरी सोडणे आणि पक्षप्रवेश यांत किती दिवसांचे अंतर होते, याची नोंद अभ्यासकाने केलीच पाहिजे, असे माझे मत आहे.

त्यानंतर उमेदवारी अर्जासोबतचे नमुना २६ मधील शपथपत्र वाचावे. ते निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावर मिळते आणि त्यात प्रलंबित फौजदारी खटले, दोषसिद्धी, मालमत्ता, कर्जे आणि उत्पन्न यांचा तपशील असतो. नुसत्या आकड्यांवरून निष्कर्ष काढू नये. वडिलोपार्जित आणि स्वतः घेतलेली मालमत्ता तेथे वेगळी दाखवलेली असते, ती वेगळीच वाचावी.

खरा वेळ द्यायचा तो सभागृहातील कामाला. विधिमंडळाच्या संकेतस्थळावर कार्यवाहीचे वृत्तांत उपलब्ध असतात. मुंबईतील अर्थसंकल्पीय आणि पावसाळी तसेच नागपूरचे हिवाळी अशा अधिवेशनांतून त्या आमदाराने काय विचारले, हे शोधावे. तारांकित प्रश्नाला मंत्री सभागृहात तोंडी उत्तर देतात आणि त्यावर उपप्रश्न विचारता येतात. अतारांकित प्रश्नाला लेखी उत्तर मिळते. प्रश्नोत्तराचा तास एकच असल्याने यादीत छापलेले अनेक तारांकित प्रश्न पुकारलेच जात नाहीत, त्यामुळे प्रश्नांची नुसती संख्या मोजणे फसवे ठरते. उपप्रश्न कोणी आणि किती नेमकेपणाने विचारला, लक्षवेधी सूचनेवर (तातडीच्या सार्वजनिक विषयाकडे मंत्र्यांचे लक्ष वेधणारी सूचना) मंत्र्यांकडून ठोस आश्वासन मिळवले का, आणि पुढच्या अधिवेशनात त्याचा पाठपुरावा केला का, हे पाहावे. आमदार मंत्री झाला असेल तर तो प्रश्न विचारत नाही, उत्तरे देतो. तेव्हा त्याच्या खात्याचे शासन निर्णय वाचावे लागतात.

माजी पोलीस अधिकाऱ्याच्या बाबतीत गृह विभागावरील प्रश्न विशेष लक्ष देऊन वाचावेत, कारण ते खाते तो आतून ओळखतो. प्रकाश सिंह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये पोलिसांच्या बदल्या-बढत्या पाहणारे पोलीस आस्थापना मंडळ, अधिकाऱ्यांना ठरावीक कार्यकाळ आणि पोलिसांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारे तक्रार प्राधिकरण यांबाबत निर्देश दिले. त्यानंतर महाराष्ट्रानेही पोलीस कायद्यात बदल केले. ही व्यवस्था प्रत्यक्षात चालते का, पोलीस शिपायांचे कामाचे तास आणि घरे यांची स्थिती काय, ठाणे व नवी मुंबई आयुक्तालयांतील रिक्त पदे कधी भरणार, हे त्याने विचारले असेल, तर त्याच्या अनुभवाचा मतदाराला उपयोग झाला. केवळ एखाद्या अधिकाऱ्याच्या बदलीबद्दलच तो बोलत राहिला असेल, तर जुनी सवय सुटलेली नाही, असेच मी म्हणेन.

आमदार निधीसाठी जिल्हा नियोजन समितीच्या कार्यालयाकडे माहितीच्या अधिकारात अर्ज करावा. महाराष्ट्रात शुल्क १० रुपये आहे, अर्ज साधारण १५० शब्दांत आणि एकाच विषयाचा असावा लागतो, आणि उत्तरासाठी ३० दिवसांची मुदत आहे. मंजूर, सुरू आणि पूर्ण झालेली कामे वर्षनिहाय मागावीत, म्हणजे ती प्रत्यक्ष जागेवर जाऊन पाहता येतात.

तोच आमदार पुन्हा उभा राहिल्यास त्याचे नवे शपथपत्र मिळताच जुन्या शपथपत्राशेजारी ठेवून ओळीने ताडून पाहावे.