गोविंदा पथकाच्या सरावाची डॉक्युमेंट्री करताय? मग कॅमेरा खाली ठेवा

दहीहंडी म्हटलं की सगळे कॅमेरे वर, एक्क्यावर, म्हणजे सगळ्यात वरच्या टोकाला चढणाऱ्या पोरावर. पण पथकातली माणसं एकमेकांशी कशी वागतात, कोण कुणाचं ऐकतं हे बघायचं असेल तर हंडीचा दिवस कामाचा नाही, त्या दिवशी नुसता डीजे, पाणी आणि पुढारी. जायचं सरावाला. मुंबई-ठाण्यात बहुतेक पथकं गुरुपौर्णिमेला नारळ फोडतात, मग रात्री लोकं कामावरून आली की गल्लीत नाहीतर शाळेच्या मैदानात सराव, म्हणजे तुमच्या हातात जेमतेम सव्वा महिना.

पहिले चार-पाच दिवस कॅमेरा बॅगेतच राहू दे. चहा प्या, पोरांचे मोबाईल सांभाळा. मी पहिल्याच रात्री ट्रायपॉड मांडून बसलो आणि पोरं थर लावायचं सोडून केस नीट करत बसली, सगळं फुटेज वाया. परवानगी प्रशिक्षकाची तर घ्याच, पण वरच्या थरातल्या पोरांच्या घरी जाऊन आईवडिलांचीही घ्या. 2017 मध्ये सरकारने उच्च न्यायालयात हमी दिलीय की 14 वर्षांखालची मुलं थरात नसतील, त्यामुळे त्याहून लहान कोणी चढताना तुमच्या फ्रेममध्ये आलं तर तो तुमचाही प्रश्न आहे, आधीच बोलून घ्या.

टीम दोघांची बास, एक कॅमेऱ्यावर, एक साऊंडला. लेन्स 24 किंवा 35 मिमीची, म्हणजे झूम न करता तुम्हालाच जवळ जावं लागतं. शटर 1/50 ठेवा, आपली वीज 50 हर्ट्झची, नाहीतर ट्यूबलाईट फडफडताना दिसते. माईक प्रशिक्षकाला लावू नका, त्याचा आवाज पुढच्या गल्लीत पण जातो! बेसमधल्या, म्हणजे सगळ्यात खालच्या थरातल्या माणसाला लावावासा वाटेल, पण तिथे तो चिरडतो (माझा गेला), म्हणून त्यांच्या पाठीला रेटा देणाऱ्या बाहेरच्या घेरातल्या एखाद्याला लावा. "पाय सरकव", "खांदा दे रे", "थांब, मला नाही झेपत" हे सगळं तिथे ऐकू येतं आणि वर चढणाऱ्याला त्यातलं काहीच कळत नसतं.

एक गोष्ट कधीच करायची नाही, "शॉट हुकला, परत एकदा लावा ना" म्हणायचं नाही. तुमच्या शॉटसाठी कुणाचा हात मोडेल.

थर लागताना सगळेच शूट करतात, तुम्ही उतरताना करा. आणि थर कोसळला की लगेच कट करू नका, पुढची दहा मिनिटं सोन्यासारखी असतात, चूक कुणाची हे कोण बोलतं, कोण गप्प बसतं, कोण गुपचूप बर्फ घेऊन येतं.

आणि गेल्या वर्षीचा एक्का शोधून काढा. वर्षभरात तो वाढलेला असतो, त्याचं वजन झेपत नाही, मग त्याला खालच्या थरात टाकतात आणि त्याच्या खांद्यावरून नवीन पोर वर जातं. मी तीन रात्री फक्त त्याच्यावर कॅमेरा ठेवला. पहिल्या रात्री तो सरावालाच आला नाही, गल्लीच्या तोंडाशी बाईकवर बसून होता. दुसऱ्या रात्री आला, कुणाशी बोलला नाही. तिसऱ्या रात्री नवीन पोराचे पाय थरथरायला लागले तेव्हा वर न बघताच त्याने त्याचा घोटा घट्ट धरला.